करड्या घोडीचं शिंगरू

माझे वडील घोड्यांच्या स्टडवर सईस होते, घोड्यांची निगा राखायचे. दौंड तालुक्यात, भीमेच्या काठाला, केडगाव स्टेशनापासून सायकलवर जाता येईल एवढ्या अंतरावर तो स्टड होता. रेसचे घोडे तिथं जन्मायचे, दीड-दोन वर्षं वाढायचे आणि मग गाडीत चढून पुण्या-मुंबईला जायचे. आम्हाला दोन खोल्यांचं क्वार्टर होतं. मागच्या दाराला दोन पायऱ्या, समोर लाकडी कुंपण आणि कुंपणापलीकडं घोड्यांना मोकळं सोडायचं हिरवं रान. त्याला सगळे पॅडॉक म्हणायचे. माझं लहानपण त्या दारातच गेलं, पण पळणारा घोडा मी कधी नीट बघितला नव्हता. रोज समोर असलेली गोष्ट कोण बघतं? शाळेतल्या मुली विचारायच्या, "तुमच्याकडं घोडे हायेत व्हय?" मी म्हणायची, "आमचे न्हाईत, मालकाचे हायेत." तेवढ्यावर विषय संपायचा.

आमच्या घराण्यात घोडं होतं ते वेगळ्या कामाचं. आजोबा मेंढरं घेऊन फिरायचे तेव्हा त्यांच्याकडं एक तट्टू होतं. त्याच्या पाठीवर भांडी, घोंगड्या, कोंबड्या आणि कधीकधी तान्हं मूलही असायचं. आप्पांना, म्हणजे माझ्या वडिलांना, त्या तट्टूची आठवण होती. ते म्हणायचे, "आमच्या म्हाताऱ्याला हे घोडे दावले असते तर त्यो म्हणला असता, ह्यांच्या मागं काय लागलंय म्हणून ही पळत्यात?"

बारावी झाली आणि माझं लग्न झालं. सासर नदीपलीकडं, शिरूर तालुक्यात, मांडवगण फराट्याला. सासरी थोडा ऊस, थोडा कांदा. मिस्टर रांजणगावच्या एका कंपनीत तिन्ही पाळ्या करायचे. पहिलं बाळंतपण माहेरी करायचं म्हणून संक्रांतीच्या आधी मी स्टडवर आले. हे नव्वदच्या दशकाच्या शेवटाकडचं.

मुलगी झाली. ती आधीच गेलेली होती. ठोके ऐकू येत नाहीत हे दौंडच्या दवाखान्यात डॉक्टरीणबाईंनी अगोदरच सांगितलं होतं, त्यामुळं कळा देताना मला माहीत होतं. कुणाची चूक नव्हती. असं होतं कधीकधी, असं त्या म्हणाल्या, आणि मी मान हलवली. मला मुलगी दाखवली की नाही हे आजही मला नीट सांगता येत नाही. काहीतरी पांढरं, गुंडाळलेलं, दाराबाहेर जाताना बघितलं एवढं आठवतं.

घरी आल्यावर आईनं खाटेवर अंथरूण घातलं. बाया येऊन बसायच्या, डोळ्यांना पदर लावायच्या. मी त्यांच्याकडं बघत राहायची. रडू दाबून धरलं होतं असं नाही. आत काही हलतच नव्हतं. हातावर डोकं ठेवून झोपलं की उठल्यावर तो हात आपला वाटत नाही, तशी मी सगळीच झाले होते. आईनं बाळंतपणासाठी डिंकाचे लाडू करून ठेवले होते. ते डब्यात पडून होते. त्या डब्याकडं कुणी बघायचं नाही. शेवटी एके दिवशी मीच डबा काढला आणि एकेक करून ते खाऊन टाकले. गोड लागले की कडू, मला सांगता येणार नाही.

दूध मात्र आलं. ते थांबावं म्हणून आईनं जुन्या धोतराच्या पट्ट्यानं छाती आवळून बांधली. मला ताप आला आणि उतरलाही. मिस्टर गुरुवारी यायचे, कारण गुरुवारी कंपनीला सुट्टी असायची. पायरीवर बसायचे, चहा घ्यायचे, आप्पांशी कंपनीच्या बसबद्दल बोलायचे. बस आता फाट्यावर थांबत नाही, पुढं थांबते, असं काहीतरी. माझ्याकडं बघून म्हणायचे, "बरं वाटतंय का?" मी म्हणायची, "हां." मग ते जायचे.

घरात बसवेना म्हणून मी मागच्या पायरीवर बसायला लागले. कोवळं ऊन तिथं येतं म्हणून आईही काही म्हणायची नाही.

एका सकाळी मी अशीच बसले होते. समोरच्या पॅडॉकमध्ये वर्षा-सव्वा वर्षाच्या घोड्या आणि घोडे मिळून आठ-दहा जनावरं चरत होती. वस्तीच्या अंगाला ट्रॅक्टरचा सायलेन्सर फाडकन वाजला. सगळ्यांनी एकाच वेळी माना वर केल्या. मग एक तांबडं जनावर निघालं आणि त्याच्यामागं बाकी सगळी निघाली.

आधी पायरी हलली. म्हणजे आवाज कानात यायच्या आधी तो माझ्या पायांत आला. मग ती कुंपणाला धरून माझ्या समोरून गेली. मी आयुष्यात पहिल्यांदा घोडा पळताना बघितला असं म्हणायला हरकत नाही. आपल्याला वाटतं की तो पायांनी पळतो. तसं नसतं. तो पळतो मागच्या पुठ्ठ्यांनी आणि पाठीनं. मागचे दोन पाय पोटाखाली आत येतात, सगळं अंग गोळा होतं, आणि त्या एका क्षणाला चारही पाय जमिनीला नसतात. तेवढाच क्षण तो काही करत नसतो. नुसता जात असतो. मग मागचे पाय टेकतात, अंग एकदम लांब होत जातं, मान पुढं, नाक पुढं, सगळा भार पुढच्या एका पायाच्या काडीएवढ्या नळीवर येतो आणि पुढं निघून जातो. कातडीखालचे स्नायू पाण्याखालून मासा जावा तसे सरकताना दिसत होते. त्यांचा श्वास ऐकू येत होता, फर्र, फर्र, फर्र, पायांच्या तालावर. वळणावर सगळी एका बाजूला कलली, कुणी कुणाला धक्का दिला नाही, आणि पलीकडच्या कुंपणाकडं गेली. तिथं पोचल्यावर जणू काही झालंच नव्हतं अशी माना खाली घालून पुन्हा चरायला लागली.

मला आनंद झाला नाही. सुंदर आहे, एवढं कळलं. एखाद्या परक्या बाईची साडी सुंदर आहे हे जसं कळतं, तसं. पण दुसऱ्या दिवशी मी त्या वेळेला पायरीवर जाऊन बसले, आणि तिसऱ्या दिवशीही.

आप्पांनी ते बघितलं. जेवताना ते म्हणाले, "पळताना घोड्याला मधी दुसरा श्वास घेताच येत न्हाई. उडीला एक, उडीला एक. पळायचं म्हंजी तेवढंच. दुसरं काय त्याच्या मनात ऱ्हात नसंल."

आई म्हणाली, "पोरीला काय सांगताय ते."

"बघती म्हणून सांगतोय," ते म्हणाले, आणि भाकरी मोडून खात राहिले.

जानेवारीपासून घोड्या व्यायला लागायच्या. आप्पा त्या दिवसांत घरी कमीच असायचे. एका सकाळी ते आले ते न बोलता न्हाणीत गेले. बाहेर आल्यावर आईला म्हणाले की तपकिरी घोडी गेली. व्यायल्यावर रक्त थांबलं नाही, डॉक्टरांनी पुष्कळ केलं. शिंगरू जिवंत आहे, मादी आहे. आणि त्याच रात्री तबेल्याच्या पलीकडच्या खणात करडी घोडी व्यायली होती, तिचं शिंगरू मेलेलंच बाहेर आलं होतं.

हे सांगताना आप्पांनी माझ्याकडं बघितलं नाही. आईनं मात्र बघितलं. ती म्हणाली, "तू तिकडं फिरकू नको. बाळंतिणीनं असलं बघू नये."

दुपारी आई केडगावला बाजाराला गेली आणि मी उठून तबेल्याकडं गेले. का गेले ते मला सांगता येणार नाही. चप्पल घातली आणि चालायला लागले.

तबेल्यात आप्पा एकटे होते. बाकीची माणसं ट्रॅक्टर घेऊन मेलेल्या घोडीला पुरायला गेली होती. डॉक्टर आणि मॅनेजरसाहेब ऑफिसात फोनवर बोलत होते, मालकाला कळवायचं होतं. खणात करडी घोडी उभी होती. करडी म्हणजे राखेच्या रंगाची, तोंडाकडं पांढरी होत गेलेली, वयस्कर घोडी. तिच्या कासेतून दूध ठिबकत होतं. कोपऱ्यात मेलेल्या घोडीचं शिंगरू लटपटत उभं होतं. त्याच्या पाठीवर काहीतरी बांधलेलं होतं.

"ते काय हाय?" मी विचारलं.

आप्पांनी शिंगराच्या पोटाखालची गाठ चाचपली. मग म्हणाले, "हिच्या पिलाचं कातडं. वास वळखंल म्हणून."

मी मान हलवली. करडी घोडी कान मागं पाडून शिंगराकडं बघत होती. ते कासेकडं सरकलं की ती किंचाळायची आणि मागचा पाय झाडायची. पाय त्याला लागला असता तर ते मेलं असतं.

आप्पा म्हणाले, "आलीयस तर दोरी धर. तिच्या डोळ्याकडं बघू नको. नुसती हुबी ऱ्हा."

मी घोडीच्या तोंडाची दोरी धरली. आप्पा एका हातानं शिंगराला सावरत, दुसऱ्या हातानं घोडीची कूस थोपटत उभे राहिले. ते हळू आवाजात बोलत होते. काय बोलत होते ते शब्दांत नव्हतं, मेंढरांना हाकताना काढतात तसे आवाज होते. घोडीचं नाक माझ्या खांद्याजवळ होतं. तिचा श्वास गरम होता आणि त्याला लसूणघासाचा वास होता. किती वेळ गेला ठाऊक नाही. शिंगरू पुढं जायचं, ती झटकायची, ते मागं यायचं. मग एकदा ती मान वळवून त्याच्या पाठीवरचं कातडं हुंगायला लागली. पुन्हा हुंगलं. शेपटीखाली हुंगलं. मग तिच्या नाकातून एक खोल, बारीक घरघर निघाली. तसा आवाज घोड्या फक्त आपल्या पिलासाठी काढतात. तो मी लहानपणापासून ऐकला होता, पण तेव्हा कळत नव्हतं.

शिंगरानं कासेला तोंड लावलं. त्याची चिमूटभर शेपटी हलायला लागली. चोखण्याचा चुपचुप आवाज यायला लागला.

माझ्या मनात काहीही आलं नाही. मी दोरी धरून उभी होते. पण माझ्या ब्लाउजची पुढची बाजू भिजत गेली. पट्टा बांधलेला असूनही दूध उतरलं आणि पोटावरून ओघळून परकराच्या नाडीपर्यंत आलं. मी खाली बघितलं आणि मला वाटलं, हे कुणाचं आहे?

आप्पांनी ते बघितलं आणि लगेच तोंड फिरवलं. खांद्यावरचा टॉवेल काढून माझ्याकडं न बघता त्यांनी तो माझ्या खांद्यावरून पुढं टाकला, दोरी माझ्या हातातून घेतली आणि म्हणाले, "जमलं तिचं. जा आता घरी. ऊन हाय, सावलीनं जा."

आईला मी काही सांगितलं नाही. टॉवेल धुऊन वाळत घातला.

दोन-तीन दिवसांनी कातडं काढून टाकलं, आणि तोपर्यंत करडीला त्याची गरज उरली नव्हती. आठवड्याभरात तिला आणि शिंगराला आमच्या मागच्या पॅडॉकमध्ये सोडलं. मग माझं काम ठरून गेलं. सकाळचा चहा झाला की पायरीवर बसायचं.

शिंगराचे पाय त्याच्या अंगाला मोठे होते. उभं राहिलं तर कुणीतरी खाट उलटी करून ठेवलीय असं वाटायचं. पहिले काही दिवस ते पळायचं म्हणजे चार पाय चार दिशांना जायचे आणि मग ते आईच्या अंगावर आदळायचं. मग एका सकाळी त्याला ते सापडलं. करडी चरत होती. शिंगरू तिच्याभोवती गोल पळायला लागलं, आधी दुडकं, मग लांब लांब. एक फेरी, दुसरी फेरी. आईपासून लांब गेलं की घाबरून परत यायचं, आणि परत आलं की पुन्हा जावंसं वाटायचं. उन्हाळ्यापर्यंत ते बाकीच्या शिंगरांबरोबर पॅडॉकच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत पळत होतं आणि पुढं असायचं. त्याची मान इतरांपेक्षा खाली राहायची आणि पाय उचलताना ते जमिनीला हात लावल्यासारखे हलकेच उचलायचं. त्याच्या पळण्यात धडपड नव्हती. इतर शिंगरं जोर करताना दिसायची. याचा जोर दिसायचा नाही.

सव्वा महिना केव्हाच होऊन गेला होता. मी सासरी जायचं नाव काढत नव्हते. आत्याबाईंचा, म्हणजे माझ्या सासूबाईंचा, निरोप यायचा की घाई नाही, तब्येत बघून ये. त्या चांगल्या होत्या. लोक मात्र आईला विचारायला लागले होते.

गुरुवारी मिस्टर आले. चहा झाला. मी त्यांना म्हणाले, "मागं चला, दावते काहीतरी." आम्ही कुंपणाशी जाऊन उभे राहिलो. शिंगरं पळत होती. ते बराच वेळ बघत होते. दोन्ही हात कुंपणाच्या फळीवर होते आणि नखांत ग्रीस होतं.

"ते पुढचं कुणाचं?" ते म्हणाले.

"करडीचं. म्हंजी तिचं न्हाई. आई मेली त्याची. हिनं आपलं म्हणलंय."

"आप्पा बोलले व्हते मला."

मग पुन्हा ते बघत राहिले. शिंगरं वळून आमच्याकडं आली, समोरून गेली आणि फळी हलली. मी त्यांच्याकडं बघितलं तर ते रडत होते. तोंड पुसत नव्हते. नुसतं पाणी वाहत होतं.

"मला कुणी इचारलंच न्हाई," ते म्हणाले.

"काय इचारायचं?"

"कायबी. समदी तुला इचारत्यात. बरोबर हाय ते, तुलाच इचाराया पायजे. पन ती माझ्या हातावर व्हती. दौंडपासनं नदीपतुर. आप्पा म्हणले मी घेतो, मी दिली न्हाई."

 मी विचारलं, "कशात गुंडाळली व्हती?"

"तुझ्याच पातळात. निळं न्हाई का, बारीक फुलांचं. तुझ्या आईनं फाडून दिलं."

ते पातळ मला पेटीत सापडत नव्हतं, आणि मी कुणाला विचारलं नव्हतं.

"कुठं हाय ते मला दावा," मी म्हणाले.

त्यांनी मोटरसायकल काढली. आई दारात आली, आमच्याकडं बघितलं, पण तिनं अडवलं नाही. कालव्याच्या कडेनं, मग उसाच्या मधून, मग गाडी ठेवून पायी. गुऱ्हाळ चालू होतं, काकवीचा वास येत होता. नदीच्या वरच्या अंगाला एक बाभूळ होती आणि तिच्याखाली थोडे दगड रचलेले होते. कुत्र्यांनी उकरू नये म्हणून वर काटेरी फांद्या टाकलेल्या होत्या, त्या वाळल्या होत्या. एक फांदी वाऱ्यानं बाजूला पडली होती. त्यांनी ती उचलून नीट ठेवली. बोटाला काटा टोचला तो चोखला.

मी उभी राहिले. आता येईल, असं मला वाटलं होतं. काही आलं नाही. मी दगडांकडं बघितलं, नदीकडं बघितलं. पलीकडच्या काठावर एक माणूस म्हशी धूत होता.

"जायचं?" ते म्हणाले.

"चला."

परत येताना गाडीवर मी त्यांच्या पाठीला हात लावून बसले होते. घरी उतरल्यावर मी म्हणाले, "पुढच्या गुरुवारी मला न्यायला या." ते आले आणि मी गेले.

सासरी दिवस कामात जायचे. ऊस, कांदा, जनावरं, पाळीप्रमाणं डबा. वर्षभरानं मला पुन्हा दिवस गेले आणि मुलगा झाला, नीट झाला. लोकांना वाटलं आता सगळं ठीक झालं. मी त्याला पाजायची, न्हाऊ घालायची, त्याच्यावर माझं लक्ष असायचं. प्रेम होतं का, असं कुणी विचारलं असतं तर मी हो म्हटलं असतं, कारण दुसरं काय म्हणणार. पण तो हसला की बाकीच्यांच्या तोंडावर जे उमटायचं ते माझ्या तोंडावर उमटायला थोडा वेळ लागायचा. मला स्वतःला तशी आठवण करून द्यावी लागायची.

आप्पा आले की शिंगराची खबर आणायचे. त्याला करडीपासून तोडलं, दोघी दोन दिवस ओरडल्या. पाठीवर खोगीर घालायला शिकवलं. मग तिला गाडीत घालून पुण्याला नेलं. तिला आता इंग्रजी नाव मिळालं होतं, ते आप्पांना उच्चारता यायचं नाही, आणि आम्ही तिला करडीचं शिंगरूच म्हणत राहिलो.

ती तीन वर्षांची झाली त्या पावसाळ्यात एका रविवारी पुण्याच्या रेसकोर्सवर तिची रेस होती. स्टडची माणसं टेम्पो करून निघाली होती. आप्पांनी मला आणि मिस्टरांनाही बोलावलं. मुलाला आत्याबाईंकडं ठेवून आम्ही गेलो.

तिथली गर्दी आणि आरडाओरडा मला फार आठवत नाही. हिरवं गवत आठवतं, पाऊस नुकताच थांबलेला, आणि गोल फिरवायला आणलेले घोडे. ती आली. मी तिला लगेच ओळखलं असं सांगितलं तर खोटं होईल. आप्पांनी बोट दाखवलं तेव्हा कळलं. ती मोठी झाली होती, काळपट तपकिरी, तिच्या मेलेल्या आईच्या रंगाची. कातडी इतकी पातळ की शिरा वर आलेल्या. ती जमिनीला पाय टेकत होती की नुसता लावून बघत होती ते सांगता येत नव्हतं.

"घाम लवकर फुटलाय," आप्पा म्हणाले. "घाबरलीय."

रेस सुरू झाली ती फार लांब, पलीकडच्या कडेला. तिथून घोडे मुंग्यांच्या रांगेसारखे दिसत होते आणि आवाजही नव्हता. मग ते वळणावर आले आणि कलले. मी ओळखलं. आमच्या मागच्या पॅडॉकच्या वळणावर शिंगरंही अशीच कलायची. सरळ रस्त्याला लागल्यावर लोक ओरडायला लागले आणि मला त्यांचा आवाज ऐकू येईना. पायात कंप यायला लागला. सगळे घोडे जोर करत होते, वर बसलेली माणसं हलत होती, चाबूक चालत होते. ती मधे होती, दोन घोड्यांच्या मधे सापडलेली. मग तिला जागा मिळाली, आणि तिची मान खाली गेली. लहानपणी जायची तशीच. पाय लांब झाले. तिच्यातून सगळा गोंधळ निघून गेल्यासारखा वाटला. इतरांच्या पळण्यात दुसऱ्याला मागं टाकायचं दिसत होतं. तिच्या पळण्यात तेवढं दिसत नव्हतं, नुसतं जाणं होतं. ती समोरून गेली तेव्हा मातीचे आणि गवताचे गोळे उडाले, आणि श्वास ऐकू आला, फर्र, फर्र, आणि ती गेली.

ती चौथी आली.

"एवढंच पायजे व्हतं तिला," आप्पा म्हणाले. त्यांना आनंद झाला होता की वाईट वाटलं होतं, कळलं नाही. मिस्टर म्हणाले, "मधी अडकली न्हाईतर..." आणि पुढं बोलले नाहीत.

रेसनंतर तिला फिरवत होते. सगळं अंग ओलं, नाकपुड्या आतून लाल, कुशी भात्यासारख्या चाललेल्या. थोड्या वेळानं श्वास हळू झाला, डोळे नेहमीसारखे झाले आणि तिनं तिच्या सईसाच्या खिशाला नाक लावलं. आत्ता काय केलं हे तिला माहीत होतं की नाही, कुणास ठाऊक. आप्पा कठड्यापाशी जाऊन तोच आवाज काढायला लागले, तबेल्यात काढला होता तो. तिनं एक कान इकडं फिरवला. ओळखलं असं मी म्हणणार नाही. एक कान फिरवला.

टेम्पोत सगळे बोलत होते.  मला वाटलं होतं की तिला पळताना बघून मला काहीतरी होईल. लोणी काळभोर गेलं, उरुळी गेलं, यवत गेलं. काही झालं नाही. फक्त पाय अजून थरथरल्यासारखे वाटत होते, तेही चौफुल्यापर्यंत.

त्यानंतर तिनं आणखी काही रेसा केल्या. एक जिंकली, ती आम्ही बघितली नाही. मग बरेच महिने खबर आली नाही. पुढच्या वर्षी कांदे काढायच्या दिवसांत आप्पा मांडवगणला आले. मी वाफ्यात होते. ते बांधावर बसले, पाणी प्याले आणि म्हणाले, "करडीचं शिंगरू इकलं त्यांनी. दक्षिणेत कुठं गेली. मद्रास का बंगळूर, मला नीट सांगता येत न्हाई. आता आपल्याला कळायचं न्हाई तिचं."

"बरं," मी म्हणाले, आणि कांदे उपटत राहिले. आप्पा मुलाला घेऊन घराकडं गेले.

संध्याकाळी मिस्टर पहिली पाळी करून आले. मी चुलीपुढं भाकरी थापत होते. त्यांनी हातपाय धुतले, पाटावर बसले. मी त्यांना शिंगराचं सांगितलं. ते म्हणाले, "जाऊ दे. चांगली जागा मिळाली आसंल."

मी भाकरी तव्यावर टाकली. पाणी फिरवलं. ती उलटायची वेळ झाली आणि माझा हात उचलेना. तसंच बघत राहिले. भाकरी करपायला लागली, धूर यायला लागला, तेव्हा ते उठून आले आणि त्यांनी उलथण्यानं ती काढून खाली ठेवली.

"काय झालं?" ते म्हणाले.

"मला वाईट वाटतंय," मी म्हणाले.

ते माझ्याकडं बघत राहिले. मग तिथंच चुलीपाशी, राखेत, उकिडवे बसले.

"वाटू दे," ते म्हणाले.

बाहेर आत्याबाई मुलाला गाई दाखवत होत्या. मिस्टरांनी पीठ पुढं ओढलं आणि पुढची भाकरी थापायला घेतली. त्यांना ती कधीच गोल जमायची नाही. मी बघत बसले.